पाथे फाउंडेशन, पॅरिस: आंद्रे डीडला बघायची खरी जागा

आधी कामाचं सांगते. पॅरिसला जाणं झालं आणि जुन्या मूकपटांची थोडीसुद्धा आवड असेल तर एक दुपार राखून ठेवा आणि तेराव्या आरोंदिसमाँमध्ये, म्हणजे शहराच्या तेराव्या विभागात, आव्हन्यू दे गोब्लँ, नंबर ७३, इथे जा. जागेचं पूर्ण नाव फोंदास्याँ जेरोम सेदू-पाथे, आपण सोयीसाठी पाथे फाउंडेशन म्हणू. इथल्या छोट्या थिएटरात फक्त मूकपट दाखवतात आणि खेळाला समोर जिवंत माणूस बसून पियानो वाजवतो, रेकॉर्डिंग नाही, स्पीकर नाही. तिकीट दहा युरोच्या आत. मी मे महिन्यात ताईकडे राहायला गेले होते तेव्हा एकदा गेले आणि मग दोन आठवड्यांत आणखी दोनदा गेले, ह्यावरून काय ते समजा.

पण मी गेले होते एका माणसासाठी आणि हा रिव्ह्यू अर्धाअधिक त्याच्याबद्दलच होणार आहे. आंद्रे डीड त्याचं नाव. चॅप्लिन सगळ्यांना माहीत, कीटन बऱ्याच जणांना माहीत, फ्रेंच म्हटलं तर मॅक्स लिंडेरचं नाव निदान सिनेमावाल्यांना माहीत असतं. डीडचं नाव घेतलं की फिल्म सोसायटीतले लोकसुद्धा "कोण?" विचारतात. आणि हाच माणूस चॅप्लिनने कॅमेऱ्यासमोर पहिलं पाऊल टाकायच्या सात-आठ वर्षं आधी युरोपभर ओळखला जात होता, मुलं त्याचं नाव ऐकून थिएटरात धावायची.

माझी आणि त्याची पहिली भेट मात्र फार वाईट झाली होती. तीन वर्षांपूर्वी एका ऑनलाईन विक्रेत्याकडून (नाव घेत नाही) जुन्या विनोदी मूकपटांची एक डीव्हीडी मागवली होती, कव्हरवर मोठमोठ्या अक्षरात रिस्टोअर्ड वगैरे लिहिलेलं. लावली तर चित्र चुना फासल्यासारखं पांढरं, वरच्या बाजूने लोकांची डोकी कापलेली, आणि सगळी माणसं मुंग्यांसारखी तुरुतुरु पळतायत. मागे एकच पियानोची ट्यून, ती संपली की पुन्हा पहिल्यापासून, पडद्यावर कुणाचं लग्न असो की कुणाचं घर कोसळत असो. दहा मिनिटांत बंद केली. तेव्हा मला वाटलं की हा डीड म्हणजे नुसता आरडाओरडा आणि आदळआपट करणारा कुणीतरी दुय्यम नट असणार, इतिहासाने विसरला तर बरंच झालं. हे माझं मत तीन वर्षं तसंच राहिलं आणि ते साफ चुकीचं होतं, म्हणूनच एवढं लिहायला बसले.

वेगाची गोष्ट आधी सांगायला हवी कारण सगळं त्याच्यावर आहे. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवायचे, साधारण सेकंदाला १६ ते १८ फ्रेम. नंतर बोलपट आले तेव्हा आवाज नीट यावा म्हणून २४ फ्रेम ठरल्या. आता १६ ने काढलेली फिल्म २४ ने चालवली तर सगळं दीडपट वेगात होणार, साधी चालणारी बाई धावल्यासारखी दिसणार आणि धावणारा माणूस तर माणूसच वाटणार नाही. आपल्या डोक्यात जुने पिक्चर म्हणजे भराभर हलणारी बाहुली असं जे बसलंय ते ह्यातूनच आलंय. डीडसारख्या माणसाचं तर त्यात वाटोळं होतं, कारण त्याची सगळी गंमत तो वस्तू मोडतो त्याच्या आधीच्या एका क्षणात असते, आणि दीडपट वेगात तो क्षणच उरत नाही.

आता जागेबद्दल. ताई पॅरिसमध्ये बरीच वर्षं राहते पण तिनेही ही बिल्डिंग नुसती बाहेरून बघितली होती. रस्त्यावरून दिसतो तो जुना दर्शनी भाग, एका जुन्या नाट्यगृहाचा, १८६९ चा, त्याच्यावर दोन मोठ्या आकृती कोरलेल्या, एक बाई आणि एक पुरुष. ह्या आकृती शिल्पकार रोदँने तरुणपणी, नाव होण्याच्या आधी केलेल्या. ते तोंड तसंच ठेवलंय आणि मागे रेन्झो पियानो ह्या इटालियन आर्किटेक्टने एक गोलसर, फुगलेली, काच आणि ॲल्युमिनियमच्या खवल्यांची इमारत बसवलीय, आजूबाजूच्या घरांच्या मधल्या जागेत ती अशी काही अंग चोरून बसलीय की रस्त्यावरून पटकन कळतही नाही. २०१४ मध्ये उघडली. मागच्या बाजूला छोटी बाग आहे, बर्चची झाडं आहेत. माझा भाचा, नऊ वर्षांचा, त्याला आत शिरल्या शिरल्या ती बिल्डिंगच जास्त आवडली, मान वर करून बराच वेळ बघत राहिला.

वरच्या मजल्यावर जुने कॅमेरे आणि प्रोजेक्टर मांडलेत, शंभराहून जास्त, १८९६ पासूनचे. लाकडी पेट्या, चामड्याने मढवलेल्या, पितळी हँडल. मी आपली सहज दहा मिनिटं म्हणून गेले आणि पाऊण तास तिथेच. पाथेचं १९१२ चं एक घरगुती प्रोजेक्टर होतं, कोक नावाचं, त्याचं हँडल फिरवलं की फिल्मही सरकते आणि दिव्यासाठी लागणारी वीजही त्याच हँडलने तयार होते, म्हणजे ज्यांच्या घरी वीज आलेली नाही त्यांनाही घरात सिनेमा बघता यावा. आणि १९२२ चं पाथे-बेबी, साडेनऊ मिलिमीटरची चिमुकली फिल्म, तिची भोकं कडेला नसून दोन फ्रेमच्या मधोमध. आज डीडच्या काळातल्या कितीतरी फिल्म्स अशा घरगुती छोट्या प्रिंटमुळेच शिल्लक राहिल्यात, मूळ मोठ्या प्रिंट जळून, सडून किंवा आतली चांदी काढायला वितळवून संपल्या. त्या डब्यांकडे मी म्हणून जरा जास्तच वेळ बघत होते.

थिएटर खाली तळघरात. पाथे सिनेमा कंपनीचा संस्थापक शार्ल पाथे, त्याचं नाव दिलेला हॉल, ६८ सीट. एवढ्याच. हे मला आधी गैरसोयीचं वाटलं पण बसल्यावर कळलं की ह्या पिक्चरांना एवढीच जागा हवी, कारण सगळ्यांचं हसणं सगळ्यांना ऐकू येतं. पियानो पडद्याशेजारी. वाजवणारे बरेच जण पॅरिसच्या कॉन्झर्व्हेटॉयरमध्ये ज्याँ-फ्रान्स्वा झिजेलच्या इम्प्रोव्हायझेशनच्या वर्गातले, म्हणजे समोर नोटेशन वगैरे नाही, पडद्याकडे बघून तिथल्या तिथे रचायचं. त्या दिवशी एक तरुण मुलगी होती. ती पडद्याकडेच बघत होती, बोटांकडे नाही, पूर्ण वेळ. डीड शिडीवर चढायला लागला की तिचा डावा हात थांबायचा. नुसता थांबायचा. आणि सगळ्या हॉलला कळायचं की आता पडणार.

त्या दिवशी पाथेच्या जुन्या छोट्या विनोदी फिल्म्स एकापाठोपाठ एक होत्या, त्यात डीडचा १९०७ चा 'ब्वारोची उमेदवारी' होता, म्हणजे फ्रेंचमध्ये ले आप्रांतिसाज द ब्वारो. ब्वारो हे त्याचं पडद्यावरचं पात्र. हा ब्वारो एकेका धंद्यात शिकाऊ म्हणून जातो आणि एकेक धंदा बुडवून बाहेर पडतो, एवढीच गोष्ट, काही मिनिटांची. कागदावर ह्यात काहीच नाही. पण योग्य वेगात बघितलं तेव्हा मला पहिल्यांदा दिसलं की हा माणूस काहीही मोडायच्या आधी त्या वस्तूकडे प्रेमाने बघतो. खरंच प्रेमाने. त्याला काम नीट करायचंय, मालकाला खूश करायचंय, आणि ह्या उत्साहातच त्याचा हात चुकीच्या जागी जातो. तो वाईट नाही, आळशी नाही, चोर नाही, फक्त त्याच्या अंगात एवढा जोर भरलाय की जगातली कुठलीच वस्तू त्याला पुरत नाही. डीव्हीडीवर हे दिसलंच नव्हतं कारण तिथे तो बघतो आणि मोडतो ह्यात फटच नव्हती.

भाचा पहिल्या दोन मिनिटांत गप्प होता, काळंपांढरं आहे म्हणून जरा नाराज. मग जे हसायला लागला ते थांबेना. मधेच माझ्या कानाशी येऊन विचारतो, "मावशी, ह्याला लागत नाही का?" ताई म्हणाली "अरे, त्याचं कामच होतं ते." तर तो म्हणे "हो पण लागत असेल ना." मला त्याचं फार खरं वाटलं. तारा आणि गाद्या नंतर चित्रातून पुसून टाकायचं आजचं तंत्र तेव्हा नव्हतं, हा माणूस बहुतेक वेळा खरोखर पडत होता.

पडणं त्याला कुठून आलं हे बघायचं तर मागे जायला लागतं. त्याचं खरं नाव आंरी आंद्रे ओग्युस्तां शापे, जन्म १८७९, गाव ल हाव्र, फ्रान्सच्या उत्तर किनाऱ्यावरचं बंदर. तरुणपणी पॅरिसच्या म्युझिक हॉलमध्ये गाणी म्हणायचा आणि कसरती करायचा, फोली बेर्जेरसारख्या ठिकाणी. सिनेमा तेव्हा जत्रेतला नवा खेळ होता आणि म्युझिक हॉलवाले त्यात हळूहळू शिरत होते, तसा हाही शिरला, आणि शिरला कुठे तर थेट पडद्यावर जादूच्या युक्त्या करणाऱ्या जॉर्ज मेलिएसकडे, पॅरिसजवळच्या मोंत्रयच्या त्या काचेच्या स्टुडिओत. १९०१ ची मेलिएसची एक दोनेक मिनिटांची फिल्म आहे, त्यात पांढऱ्या कपड्यातला विदूषक बसलाय आणि त्याचे हातपाय, डोकं एकेक करून सुटे होतात, आपापली कामं करून येतात आणि परत जोडले जातात. तो विदूषक डीड. ही फिल्म लक्षात ठेवा, पुढे परत लागणार आहे.

मेलिएसकडून त्याने काय घेतलं असेल तर हेच, की कॅमेऱ्यासमोर माणसाचं शरीर हे वस्तूसारखं वापरता येतं, तोडता येतं, जोडता येतं. मग तो पाथेत आला. पाथे तेव्हा जगातली सगळ्यात मोठी सिनेमा कंपनी होत होती, कोंबड्याचं बोधचिन्ह, व्हँसेनमध्ये फॅक्टऱ्या, आणि त्यांना दर आठवड्याला नवा माल लागत होता. १९०६ ची एक पाठलागाची फिल्म आहे, एका बाईचा केसांचा टोप फुग्यांना बांधला जातो आणि उडून जातो आणि सगळी फौज त्याच्या मागे पॅरिसभर पळते, त्यात हा आहे. आणि त्याच सुमाराला ब्वारो सुरू झाला. ब्वारो घर बदलतो, ब्वारो हे करतो, ब्वारो ते करतो. आता हे आपल्याला साधं वाटतं, एकच पात्र दर वेळी नव्या भानगडीत, सगळ्या मालिका अशाच चालतात. पण तेव्हा ही कल्पनाच नवी होती. पडद्यावर नटाचं नाव यायचं नाही. लोक नटाला पात्राच्या नावाने ओळखायला लागले आणि "ब्वारोचा नवीन आलाय का" म्हणून विचारायला लागले, त्या पहिल्यावहिल्या माणसांपैकी हा एक. माझ्या मते पहिलाच, पण त्यावर वाद घालणारे घालतील.

१९०८ च्या शेवटी त्याने पाथे सोडलं. इटलीतल्या तोरिनोच्या (आपण ट्युरिन म्हणतो ते) इताला फिल्म कंपनीने त्याला उचललं. तिथला कर्ताधर्ता जोव्हानी पास्त्रोने, तोच ज्याने पुढे १९१४ मध्ये काबिरिया हा भव्य ऐतिहासिक मूकपट काढला. पास्त्रोनेचा हिशोब सरळ होता, इटालियन कंपनीला बाहेरच्या बाजारात जायचंय तर लोकांनी आधीच डोक्यावर घेतलेला चेहरा पाहिजे. डीडला तिथे दिग्दर्शनही स्वतःच्या हातात मिळालं. जानेवारी १९०९ पासून इटलीत त्याचं नाव झालं क्रेतिनेत्ती. इटालियनमध्ये क्रेतिनो म्हणजे मूर्ख, त्याचं लाडाचं रूप, आपण येडबंबू म्हणतो ना तसं. इंग्लंडमध्ये तोच फूल्सहेड, स्पॅनिश मुलखात तोरिबियो, रशियात ग्लुपिश्किन, तिथेही अर्थ तोच. आणि खुद्द फ्रान्समध्ये तोरिनोहून आलेल्या ह्याच फिल्म्सना ग्रिबुय नाव दिलं. म्हणजे एका माणसाची एवढी नावं, आणि प्रत्येक देशातल्या मुलांना वाटायचं की हा आपलाच आहे. मला ही गोष्ट फार आवडते. आणि ह्याच गोष्टीने पुढे त्याचा घात केला असंही वाटतं, कारण त्याचं स्वतःचं नाव कुणाच्या तोंडात बसलंच नाही. चॅप्लिन कुठेही गेला तरी चॅप्लिन राहिला. डीड प्रत्येक सीमेवर वेगळा झाला, आणि काळ उलटल्यावर त्या सगळ्या नावांमागचा माणूस एकच होता हे शोधून काढायला अभ्यासक लागले.

तोरिनोच्या फिल्म्समधली मला सगळ्यात आवडणारी १९०९ ची 'क्रेतिनेत्ती के बेल्लो', म्हणजे 'काय देखणा दिसतोय क्रेतिनेत्ती'. ही मी फाउंडेशनमध्ये नाही, नंतर नेटवर बऱ्या प्रिंटमध्ये बघितली. त्याला लग्नाचं आमंत्रण येतं, हा नटूनथटून निघतो, आणि एवढा देखणा दिसतो की वाटेतल्या बायका वेड्या होऊन त्याच्या मागे लागतात. पळापळ, पळापळ, शेवटी त्या त्याला गाठतात आणि प्रेमाने अक्षरशः फाडून टाकतात. जमिनीवर हात एकीकडे, पाय एकीकडे. बायका घाबरून पळून जातात. आणि मग ते तुकडे हळूहळू सरकत एकमेकांकडे येतात आणि क्रेतिनेत्ती परत पूर्ण होऊन उभा राहतो. मेलिएसची ती आठ वर्षांपूर्वीची युक्ती आठवली का, तीच. पण तिथे ती जादू होती, बघा कसे हातपाय सुटतात म्हणून दाखवायची. इथे तिला कारण आहे, इथे गर्दी आहे, इथे लोकांच्या आवडीने माणसाचे तुकडे होतायत. तो स्वतः तेव्हा युरोपभर लोकांच्या आवडीचा झाला होता. त्याने हे मुद्दाम म्हणून केलं असेल की नाही, पण मला ते बघताना अंगावर काटा आला, आणि त्याच वेळी हसूही येत होतं.

मॅक्स लिंडेरशी तुलना लोक करतात आणि त्यात डीड नेहमी हरतो, ते मला पटत नाही. लिंडेर मोठाच आहे, टोपी, छडी, हातमोजे, उंची पोशाखातला शौकीन तरुण, डोळ्यांच्या एका हालचालीने हसवणारा. डीड गेल्यावर पाथेने लिंडेरला पुढे आणलं आणि त्याचं सोनं झालं. पण लिंडेरचा विनोद हा दिवाणखान्यातला आहे, अब्रू जाईल की राहील ह्याच्यावर चालणारा. डीडला अब्रूच नाही. तो दिवाणखाना पाडतो. जे लोक थिएटरात सगळ्यात स्वस्त बाकांवर बसायचे, दिवसभर दुसऱ्याच्या वस्तू सांभाळून, दुसऱ्याची भांडी न फोडता पुसून यायचे, त्यांना हा काचसामानाचं दुकान जमीनदोस्त करताना बघून काय वाटत असेल ते मला समजतं. ह्याला खालच्या दर्जाचा विनोद म्हणून बाजूला टाकणं सोपं आहे पण अमेरिकेत काही वर्षांनी ह्याच पाठलागांवर आणि ह्याच आदळआपटीवर सगळा धंदा उभा राहिला.

पुढचं लवकर सांगते. १९११-१२ च्या सुमारास तो फ्रान्सला परतला, पाथेकडे, आणि ब्वारो परत सुरू झाला. तोरिनोतली नटी व्हॅलेंतिना फ्रास्कारोली, पडद्यावरची आणि आयुष्यातलीही जोडीदार, तीही आली आणि ग्रिबुयेत म्हणून तिच्याही फिल्म्स निघाल्या. पण तोपर्यंत अशा विनोदी पात्रांची दुकानं खूप झाली होती, गोमों ह्या दुसऱ्या फ्रेंच कंपनीकडे ओनेझिम आणि कालिनो, पाथेकडे स्वतः लिंडेर आणि रिगादँ. मग १९१४ ला युद्ध लागलं आणि फ्रान्समधल्या ह्या सगळ्या विनोदी फॅक्टऱ्याच थांबल्या. माणसं आघाडीवर गेली. त्यानंतर बाजारात अमेरिकन पिक्चर आले ते आलेच.

डीड परत तोरिनोला गेला. १९१५ मध्ये इटलीही युद्धात उतरली आणि त्याच वर्षी त्याने 'शत्रूच्या विमानांची भीती' असा पिक्चर काढला. क्रेतिनेत्तीचं लग्न झालंय, लग्नाची रात्र, आणि हा हवाई हल्ल्याच्या सूचना वाचून एवढा घाबरलाय की नवी नवरी सोडून पाण्याच्या बादल्या आणि वाळू गोळा करत सुटतो. शत्रूचं विमान येतच नाही, घराचं वाटोळं हाच करतो. खऱ्या भीतीच्या दिवसांत, लोक खरोखर आकाशाकडे बघत असताना, असा पिक्चर काढायला हिंमत लागते आणि तो आजही हसवतो.

आणि मग १९२१. त्याचं सगळ्यात मोठं धाडस, मिलानोत काढलेला 'यांत्रिक माणूस', लुओमो मेक्कानिको. दिग्दर्शक हाच, पात्र हाच, साल्तारेल्लो नावाचं. मादो नावाची मुखवटेवाली गुन्हेगार बाई, ती फ्रास्कारोली, एका शास्त्रज्ञाचा यांत्रिक माणूस हाताशी धरते आणि दुरून चालवून शहरात धुमाकूळ घालते. प्रचंड धूड, चमकणारे डोळे. शेवटी दुसरा यांत्रिक माणूस तयार होतो आणि दोघं ऑपेरा हाऊसमध्ये समोरासमोर येतात. रोबॉट हा शब्दच तेव्हा कोराकरकरीत होता, तो ज्यातून आला ते कारेल चापेकचं नाटक प्रागला त्याच वर्षी जानेवारीत आलं होतं. आणि इकडे डीड दोन रोबॉटची मारामारी पडद्यावर घेऊन मोकळा. आज अर्ध्याहून कमी पिक्चर शिल्लक आहे. ती प्रिंट सापडली ब्राझीलमध्ये, पोर्तुगीज टायटलवाली, आणि इटलीतल्या बोलोन्याच्या चित्रपट संग्रहालयाने ती दुरुस्त केली. तोरिनो-मिलानोतला फ्रेंच नट, पोर्तुगीज अक्षरं, ब्राझीलचा डबा. तुकडे इकडून तिकडून सरकत आले आणि जोडले गेले.

माझ्या त्या वाईट डीव्हीडीवर हाच पिक्चर होता, कळवळून सांगते. मी त्याला दहा मिनिटं दिली होती.

त्यानंतर फारसं काही नाही. फ्रान्सला परतला, लहानसहान भूमिका, मग त्याही नाहीत. शेवटी त्याला नोकरी मिळाली ती ज्वाँव्हीलच्या पाथे स्टुडिओत, रात्रीचा रखवालदार म्हणून. ज्या कंपनीच्या कोंबड्याखाली त्याने ब्वारो म्हणून लोकांना वेड लावलं होतं तिथेच तो रात्री कंदील घेऊन फेऱ्या मारत असेल. १९४० मध्ये पॅरिसमध्ये वारला, जर्मन सैन्य शहरात शिरून काही महिने झाले होते, वय ६१.

हे मला तिथे बसण्याआधी माहीत होतं. वाचलेलं होतं. पण त्या तळघरात, पाथेच्याच नावाच्या हॉलमध्ये, ६८ माणसांमध्ये बसून तो नीट वेगात शिडीवर चढताना बघणं आणि त्या मुलीचा डावा हात पियानोवर थांबणं आणि शेजारी नऊ वर्षांच्या पोराने तोंडावर हात दाबून धरणं, हे वेगळं होतं. खेळ संपल्यावर टाळ्या झाल्या, त्या मुलीने उठून नमस्कार केला आणि मग पडद्याकडे हात केला, म्हणजे ह्यांच्यासाठी वाजवा. लोकांनी परत वाजवल्या. मी रडले, खरं सांगते, आणि ताईने काही विचारलं नाही.

आता उरलेल्या कामाच्या गोष्टी. फ्रेंच अजिबात येत नसेल तरी विनोदी फिल्म्सना अडत नाही, टायटलच्या पाट्या थोड्या आणि साध्या असतात, पण लांबलचक नाटकी मूकपट असेल तर पाट्या फ्रेंचमध्ये वाचाव्या लागतात, तेव्हा कार्यक्रम बघून ठरवा. कार्यक्रम बदलत राहतो आणि डीड रोज नसतो, माझ्या दुसऱ्या दोन खेपांना तो नव्हता, तरी मी लिंडेर बघून आले आणि पैसे वसूल झाले. छोट्या फिल्म्सचा खेळ लागला असेल तर तोच घ्या, पहिल्यांदा जाणाऱ्याने तीन तासांच्या ऐतिहासिक पिक्चरपासून सुरुवात करू नये. सीट कमी म्हणून आधी बुक करा, मी पहिल्या दिवशी ऐनवेळी गेले आणि नशिबाने तीन सीट मिळाल्या. कॅमेऱ्यांसाठी खेळाच्या आधी तासभर ठेवा, नंतर नको, नंतर डोक्यात काही शिरत नाही. मेट्रो सात नंबरची, ले गोब्लँ स्टेशन, किंवा प्लास दितालीवरून उतार चालत या, पाच-सात मिनिटं.

मुलं असतील तर नक्की न्या. भाचा आता घरात काहीही सांडलं की "ब्वारो!" म्हणून ओरडतो, ताई वैतागलीय, आणि फोनवर मला विचारतो की मावशी त्याचा दुसरा कधी लागणार.

आणि सीट घेताना पियानोच्या बाजूची घ्या, पुढून तिसरी-चौथी रांग. तिथून पडदाही पूर्ण दिसतो आणि वाजवणाऱ्याचे हातही दिसतात.